सोने नियंत्रण, आणीबाणी आणि कोर्टात गेलेले सराफ

(मासिक अभ्यासवर्गात केलेल्या भाषणाचे शब्दांकन)



आजचा विषय ऐकून काहींनी मला आधीच विचारलं की, तू सॉफ्टवेअरवाली, तुझा सोन्याशी आणि कोर्टाशी काय संबंध? संबंध पोटापाण्याचा आहे. मी गेली काही वर्षं सराफांच्या दुकानांसाठी बिलिंगचं सॉफ्टवेअर बनवणाऱ्या टीममध्ये काम करते. गिऱ्हाईक दोन लाखांच्या वरची खरेदी करत असेल तर पॅन क्रमांक टाकल्याशिवाय बिल पुढे जात नाही, दागिन्यावरचा हॉलमार्क क्रमांक सहा अक्षर-अंकांचा असावाच लागतो, असे नियम आम्ही कोडमध्ये लिहितो. ते लिहिताना प्रत्येक वेळी कायद्याचा मूळ मजकूर उघडावा लागतो, कारण 'योग्य ती माहिती घ्यावी' असं कॉम्प्युटरला सांगून चालत नाही. योग्य म्हणजे कोणती, किती अक्षरांची, चुकली तर काय करायचं, हे सगळं सांगावं लागतं. या शोधात मागे मागे जाताना मी १९६८ च्या सुवर्ण नियंत्रण कायद्यापाशी आणि त्यावरच्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालापाशी पोचले. मी वकील नाही. जे वाचलं आणि जे समजलं ते तुमच्यासमोर ठेवते.

सोनं मोजणं आपल्या घरांना नवं नाही. जकात काढताना साडेसात तोळ्यांचा हिशेब आपण करतोच. मेहर सोन्यात ठरवलेली असेल तर ते सोनं त्या बाईचं स्वतःचं असतं, हेही आपण या वर्गात अनेकदा बोललोय. त्यामुळे आज माझा प्रश्न असा नाही की सरकारने सोनं मोजावं की नाही. तुमचं सोनं मोजायला, अडवायला, जप्त करायला जो माणूस येतो त्याच्या अधिकाराला कडा आहेत का, आणि नसतील तर त्या आखून घ्यायला कोर्टात कधी जाता येतं, एवढाच प्रश्न आहे.

आधी थोडी पार्श्वभूमी. त्या काळात जगभर सोन्याचा सरकारी भाव एका औंसाला ३५ डॉलर होता आणि डॉलर ४ रुपये ७६ पैशांचा. हिशेब केला तर दहा ग्रॅम सोनं बाहेर साधारण ५४ रुपयांना पडत होतं. आपल्या बाजारात भाव त्याच्या दुपटीच्या आसपास होता. एवढा फरक असला की तस्करी होणारच, त्यासाठी कुणी खास वाईट असावं लागत नाही. आणि तस्करीच्या सोन्याचे पैसे परकीय चलनातच चुकवावे लागतात, जे देशाकडे मुळात कमी होतं. त्यामुळे सरकारची चिंता खोटी नव्हती. हे मी मुद्दाम सांगते, कारण अशा विषयात सरकारचा हेतूच वाईट होता असं धरून चाललं की पुढचा विचार खुंटतो.

सोन्यावरचा पहिला गाजलेला खटला आपल्या मुंबईचाच. ६ नोव्हेंबर १९४९ रोजी मकबूल हुसेन नावाचा प्रवासी जेद्दाहून सांताक्रूझ विमानतळावर उतरला. त्याने सोनं जाहीर केलं नाही आणि झडतीत १०७.२ तोळे सापडले, म्हणजे आजच्या मापात सव्वा किलो. कस्टम्सने ते जप्त केलं आणि हवं तर १२ हजार रुपये दंड भरून सोडवा असा पर्याय दिला. सोडवायला कुणी आलं नाही. पुढे मार्च १९५० मध्ये त्याच गोष्टीसाठी त्याच्यावर परकीय चलन कायद्याखाली फौजदारी खटला भरला. तो म्हणाला, एका गुन्ह्याला दोनदा शिक्षा नाही असं संविधानाचं विसावं कलम सांगतं, मग हे काय? १९५३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की कस्टम्सचा अधिकारी म्हणजे न्यायालय नव्हे, त्याने केलेली जप्ती म्हणजे खटला चालवून दिलेली शिक्षा नव्हे, म्हणून दुसरा खटला चालू शकतो. कायद्याच्या विद्यार्थ्यांना हा निकाल आजही पहिल्या-दुसऱ्या वर्षाला शिकवतात. मला त्यात एक गोष्ट खटकते. अधिकारी जप्त करताना न्यायाधीशासारखा निर्णय घेतो, पण हक्काचा प्रश्न आला की तो नुसता अधिकारी ठरतो. तर्काने निकाल बरोबर असेल, पण टेबलाच्या अलीकडे उभ्या असलेल्या माणसाला हा फरक कसा समजावणार?

आता मुख्य भागाकडे येते. ऑक्टोबर १९६२ मध्ये चीनने हल्ला केला आणि २६ ऑक्टोबरला देशात पहिल्यांदा आणीबाणी जाहीर झाली. आपण आणीबाणी म्हटलं की १९७५ आठवतो. पण ही बासष्टची आणीबाणी युद्ध महिनाभरात थांबलं तरी उठली नाही. ती १० जानेवारी १९६८ पर्यंत चालली, पाच वर्षांहून जास्त. लोकांनी संरक्षण निधीला दागिने दिले, सरकारने सुवर्ण रोखे काढले. आणि जानेवारी १९६३ मध्ये अर्थमंत्री मोरारजी देसाई यांनी भारत संरक्षण नियमांत 'सोने नियंत्रण' नावाचा नवा भाग घातला. संसदेत नेहमीच्या वाटेने झालेला हा कायदा नव्हता. युद्धासाठी जे नियम करायचा अधिकार सरकारला मिळाला होता, त्यातच तो बसवला.

त्या नियमांनी दोन मोठ्या गोष्टी केल्या. दागिना सोडून बाकी रूपातलं सोनं, म्हणजे लगडी, बिस्किटं वगैरे, लोकांनी जाहीर करायचं. आणि १४ कॅरेटच्या वरचा नवा दागिना घडवायचा नाही. १४ कॅरेट म्हणजे चोवीसात चौदा भाग सोनं, ५८ टक्क्यांच्या जरा वर. आपल्याकडच्या लग्नातलं सोनं २२ कॅरेटचं. कमी कसाचं सोनं कठीण, त्याचा रंग वेगळा, आणि गिऱ्हाईकाच्या मनात त्याची किंमत नाही, कारण अडीअडचणीला मोडायला गेलं तर हातात काय येणार? सरकारचा तर्क होता की कमी कसाचे दागिने आले की मागणी घटेल. प्रत्यक्षात लोकांनी १४ कॅरेटचं सोनं घेतलंच नाही आणि सोनाराच्या हातातलं काम गेलं.

इथे मला थोडं थांबायचंय. सोनार म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर पेढी येते, गादी येते. पण घडवणारा सोनार वेगळा. तो पत्र्याच्या खोलीत मूस आणि फुंकणी घेऊन बसणारा, घडणावळीवर जगणारा माणूस. सोनं त्याचं नसतंच, गिऱ्हाईकाचं किंवा सराफाचं असतं. त्याच्याकडे फक्त हात असतात. नियम झाले आणि लाखो कारागीर एका दिवसात रिकामे झाले. सोनारांच्या आत्महत्यांच्या बातम्या देशभरातून येऊ लागल्या, संसदेत त्यावर वाद झाले, मोर्चे निघाले. सरकारने पुढे काही सवलती दिल्या, जुने दागिने मोडून गिऱ्हाईकाला पुन्हा घडवून द्यायची मुभा दिली, पर्यायी कामधंद्याच्या योजना आखल्या. १९६६ मध्ये १४ कॅरेटची अट गेलीच. (आज हॉलमार्कच्या यादीत १४ कॅरेट आहे, २०२५ मध्ये ९ कॅरेटही आलं, आणि लोक ते आपणहून घेतात. मोरारजींना जे हुकमाने जमलं नाही ते भावाने करून दाखवलं.)

मग या तीन वर्षांत कोर्टाने काय केलं? हा प्रश्न मला फार दिवस पडला होता. व्यवसाय करण्याचा हक्क तर संविधानाच्या एकोणिसाव्या कलमात आहे. तेव्हा तर मालमत्तेचा हक्कही मूलभूत होता. मग सोनारांना दाद का मिळाली नाही?

उत्तर ३५८ व्या कलमात आहे. आणीबाणी जाहीर झाली की एकोणिसावं कलम आपोआप बाजूला होतं. त्या काळात सरकारने केलेला कायदा तुमच्या व्यवसायाच्या स्वातंत्र्यावर अवाजवी बंधन घालतो, असा युक्तिवादच करता येत नाही. आणि आणीबाणी उठल्यानंतरही त्या काळात जे झालं त्याबद्दल मागे जाऊन भरपाई मागता येत नाही. भरीला ३५९ वं कलम. त्याखाली राष्ट्रपतींनी नोव्हेंबर १९६२ मध्ये आदेश काढले आणि भारत संरक्षण नियमांखाली ज्यांच्यावर कारवाई झाली त्यांना समानतेच्या, म्हणजे चौदाव्या कलमासाठीही कोर्टात जाणं बंद झालं. एकविसावं आणि बाविसावं कलम तर आधीच बंद होतं. सोनाराचे मुख्य मुद्दे दोनच असणार: माझा धंदा बुडाला, आणि हा नियम मनमानी आहे. पहिला एकोणिसाव्यात बसतो, दुसरा चौदाव्यात. दोन्हींना कुलूप.

पण कोर्टच बंद झालं होतं असं समजू नका. १९६३ मध्ये मखन सिंग खटल्यात न्यायमूर्ती गजेंद्रगडकरांनी, हे आपल्या साताऱ्याचे, बहुमताचा निकाल लिहिला. तो स्थानबद्धतेबद्दल होता आणि अर्जदारांना त्यात मोठा दिलासा मिळाला नाही. पण त्यात त्यांनी नीट वेगळं करून सांगितलं की जे हक्क आदेशात नाव घेऊन थांबवले आहेत तेवढेच थांबलेत. अधिकाऱ्याने कायद्यातल्याच अटी पाळल्या नाहीत, वाईट हेतूने अधिकार वापरला, किंवा विधिमंडळाने आपलं काम बेहिशेबी दुसऱ्याच्या हाती सोपवलं, असे मुद्दे आणीबाणीतही मांडता येतात. म्हणजे एक युक्तिवाद बंद होता, सगळे नव्हते.

त्याचा उपयोग कसा झाला ते साखरेच्या एका खटल्यात दिसतं. हैदराबादेत साखरेचे परवानाधारक व्यापारी होते. सरकारने आणीबाणीच्या काळात त्यांना साखर द्यायचं थांबवलं आणि वाटप सहकारी संस्थेकडे वळवलं. व्यापारी कोर्टात गेले. सरकार म्हणालं, आणीबाणी होती, एकोणिसावं कलम चालत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९७० मध्ये 'जिल्हाधिकारी, हैदराबाद विरुद्ध इब्राहिम आणि कंपनी' या निकालात सांगितलं की आणीबाणीतही कार्यकारी आदेशाच्या मागे कायद्याचा आधार लागतो. परवाने कायदेशीर आहेत, ते रद्द केलेले नाहीत, मग नुसत्या आदेशाने त्यांचा धंदा बंद करता येणार नाही. सोनारांना मात्र हा मुद्दा उपयोगाचा नव्हता. त्यांच्यावरची बंदी नियमातच लिहिलेली होती. त्यांना जो काही आराम मिळाला तो मोर्चांनी, वर्तमानपत्रांनी आणि संसदेतल्या प्रश्नांनी.

आता १९६८ कडे येऊ. १० जानेवारीला आणीबाणी उठली. भारत संरक्षण कायदा आणीबाणीनंतर आणखी सहा महिनेच चालणार होता, म्हणजे १० जुलैला सोने नियंत्रणाचे नियम आपोआप संपणार होते. २९ जूनला सरकारने वटहुकूम काढला. १ सप्टेंबरला त्याचा कायदा झाला: सुवर्ण नियंत्रण कायदा, १९६८. युद्धासाठी म्हणून आलेली व्यवस्था अशी शांततेच्या काळातल्या कायम कायद्यात आली, मध्ये एका दिवसाचाही खंड न पडता. आमच्या धंद्यात याला अगदी ओळखीचं नाव आहे. रात्री सर्व्हर पडला म्हणून घाईत लावलेलं ठिगळ, जे पाच वर्षांनी मुख्य प्रणालीचा भाग होऊन बसतं आणि काढायला सगळे घाबरतात.

पण एक गोष्ट बदलली होती. एकोणिसावं कलम पुन्हा जागं झालं होतं. देशभरातले सराफ आणि सोनार सर्वोच्च न्यायालयात गेले. तो खटला 'हरकचंद रतनचंद बांठिया विरुद्ध भारत सरकार' या नावाने ओळखला जातो, निकाल एप्रिल १९६९ चा, लिहिला न्यायमूर्ती रामस्वामी यांनी.

अर्जदारांचा पहिला हल्ला मुळावरच होता. त्यांचं म्हणणं, दागिना घडवणं ही हस्तकला आहे, कारखानदारी नव्हे, तेव्हा हा विषय राज्यांचा, केंद्राला असा कायदाच करता येत नाही. कोर्टाने ते मानलं नाही. सोनाराचं काम म्हणजे विक्रीसाठी पद्धतशीर उत्पादन, म्हणून तो उद्योग, आणि संसदेने लोकहितासाठी ज्या उद्योगाचं नियंत्रण आपल्याकडे घेतलं त्यावर केंद्र कायदा करू शकतं. सोन्यावर नियंत्रण ठेवण्याचा उद्देशही कोर्टाने वैध धरला. म्हणजे ज्यांना वाटत होतं की सोनं माझं, सरकारने हातच लावू नये, ते हरले.

पण मग कोर्टाने एकेक कलम उघडून पाहिलं. आणि इथून तो निकाल मला एखाद्या चांगल्या कोड तपासणीसारखा वाटायला लागतो.

पाचव्या कलमातलं एक पोटकलम सुवर्ण प्रशासकाला अधिकार देत होतं की त्याला आवश्यक किंवा सोयीचं वाटेल तसं सोन्याचं उत्पादन, वाहतूक, ताबा, विक्री, वापर, सगळं परवान्यांनी 'किंवा अन्य प्रकारे' नियंत्रित करावं. कोर्ट म्हणालं, ही तर कायदा करण्याची ताकद झाली. केंद्र सरकार याच कायद्याखाली नियम करतं तेव्हा ते नियम दोन्ही सभागृहांपुढे ठेवावे लागतात. प्रशासकावर तसं काहीच बंधन नाही. एका अधिकाऱ्याला संसदेएवढा अधिकार आणि संसदेपुढे जाण्याची गरज नाही. ते पोटकलम गेलं.

सत्ताविसावं कलम सराफाच्या परवान्याचं. परवाना द्यायचा की नाही हे ठरवताना अधिकाऱ्याने काय बघायचं याची यादी होती: त्या प्रदेशात किती व्यापारी आहेत, दागिन्यांची अपेक्षित मागणी किती, अर्जदार योग्य आहे का, आणि लोकहित. ऐकायला किती समंजस वाटतं! कोर्टाने विचारलं, 'प्रदेश' म्हणजे काय? कायद्यात कुठेच व्याख्या नाही. गाव, तालुका, जिल्हा की राज्य? अपेक्षित मागणी वस्तुनिष्ठपणे मोजायची कशी? 'योग्य' आणि 'लोकहित' यांना माप कोणतं? प्रदेश ही व्याख्याच न केलेली संज्ञा असेल तर अधिकारी एका अर्जाला तालुका मोजेल आणि दुसऱ्याला जिल्हा, आणि दोन्ही वेळा कायद्याप्रमाणेच वागल्याचं सांगेल. परवाना नाकारलेल्या माणसाला अपिलात काय सिद्ध करायचं तेच कळणार नाही. अशा अधिकाराने माणसाचा धंदा ठरत असेल तर ते बंधन वाजवी नाही, असं कोर्टाने ठरवलं.

शंभरावं कलम माझ्या कामाच्या सगळ्यात जवळचं. सराफाने किंवा सोनाराने कुणाकडूनही सोनं घेण्याआधी त्या माणसाची ओळख पटवून घ्यायची. आणि पुढे चौकशीत तो माणूस सापडला नाही किंवा बनावट निघाला, तर सराफाने पुरेशी काळजी घेतली नाही असं गृहीत धरायचं, उलट सिद्ध करणं त्याच्यावर. आता १९६८ साल डोळ्यांसमोर आणा. आधार नाही, पॅन घरोघरी नाही, बहुतेकांकडे फोटोचं ओळखपत्र नाही. परगावची बाई अडचणीत एक बांगडी मोडायला येते, नाव-गाव सांगते, पैसे घेऊन जाते. सहा महिन्यांनी तो पत्ता खोटा निघाला तर गुन्हेगार कोण? दुकानदार. कोर्टाने हे ओझं अवाजवी ठरवलं. आज आम्ही सॉफ्टवेअरमध्ये ओळख घेतोच की, मग फरक काय? फरक हा की आज कोणता कागद, किती रकमेच्या वर, हे नियमात लिहिलंय. तो कागद घेतला की दुकानदाराचं काम झालं. त्या सक्तीबद्दलही तक्रारी असू शकतात, माझ्याही आहेत. पण निदान ती पाळता येते.

एकूण सात तरतुदी रद्द झाल्या: कलम ५ चं एक पोटकलम, २७ चे दोन भाग, आणि ३२, ४६, ८८ व १०० ही कलमं. बाकीचा कायदा उभा राहिला. सरकारने त्याच वर्षी दुरुस्ती करून भोकं बुजवली, आणि सुधारलेला कायदा आणखी २१ वर्षं चालला.

आपल्यातला कुणीही इथे विचारेल, मग मिळालं काय? प्रश्न रास्त आहे. अमेरिकेतही असंच झालं होतं. एप्रिल १९३३ मध्ये अध्यक्ष रूझवेल्ट यांनी महामंदीची आणीबाणी म्हणून लोकांना सोन्याची नाणी आणि लगडी औंसाला २० डॉलर ६७ सेंट या भावाने जमा करायला लावल्या. न्यूयॉर्कच्या कॅम्पबेल नावाच्या वकिलाच्या २७ लगडी बँकेत होत्या, तो कोर्टात गेला. न्यायाधीश वूल्झी यांनी सांगितलं की सोनं जमा करण्याचा आदेश कायद्याप्रमाणे अर्थखात्याच्या सचिवाने काढायला हवा होता, अध्यक्षांनी नव्हे, म्हणून तो भाग चालणार नाही. मात्र सोन्याची नोंद करण्याचं बंधन त्यांनी कायम ठेवलं. सरकारने काय केलं? अर्थखात्याच्या सहीने नवा आदेश काढला. १९३५ मध्ये त्यांच्या सर्वोच्च न्यायालयाने तर सरकारी रोख्यांच्या बाबतीत असं सांगितलं की सोन्यात पैसे देण्याचं वचन मोडणं घटनेला धरून नाही, पण अर्जदाराला आपलं नुकसान दाखवता आलेलं नाही, म्हणून त्याला काही मिळणार नाही!

तरी मी या दोन गोष्टी सारख्या मानत नाही. कॅम्पबेलच्या खटल्यात सही बदलली. बांठिया खटल्यानंतर परवान्याच्या कसोट्या लिहाव्या लागल्या. परवाना नाकारलेल्या सराफाच्या हातात आता कारण असलेला कागद आला आणि त्या कारणाशी भांडता येऊ लागलं. ही मोठी क्रांती नाही. पण ज्याने कधी सरकारी खिडकीपाशी 'तुमचं नाही होणार' एवढंच ऐकलंय, त्याला याची किंमत कळेल. मला निकालातली उणीव दुसरीकडे दिसते. परवान्यासाठी लढायला सराफ होता, त्याच्याकडे वकिलाचे पैसे होते. १९६३ मध्ये ज्याची मूस थंड झाली त्या कारागिरासाठी या निकालात काहीच नव्हतं, आणि ३५८ व्या कलमामुळे असूही शकत नव्हतं.

कायदा टिकला तोवर त्याचं रूप असं होतं: लगडी किंवा बिस्किटाच्या रूपात सोनं सामान्य माणसाने ठेवायचंच नाही. दागिने एकट्या माणसाकडे दोन किलोपर्यंत आणि कुटुंबाकडे चार किलोपर्यंत असले तर जाहीर करायची गरज नाही, त्यावर करायची. तस्करी काही थांबली नाही. मुंबईत सत्तर-ऐंशीच्या दशकांत सोन्याच्या तस्करीवर काय साम्राज्यं उभी राहिली ते मी इथे सांगायला नको. त्यातून एका समाजाचं नाव किती वर्षं वापरलं गेलं, तेही आपण भोगलंय. शेवटी १९९० च्या अर्थसंकल्पात, अर्थमंत्री मधु दंडवते, आपल्या कोकणातून राजापूरहून निवडून येणारे समाजवादी, यांनी हा कायदा रद्द करण्याची घोषणा केली आणि त्याच वर्षी जूनमध्ये तो गेला. सोन्याचा कायदा एका समाजवादी मंत्र्याने मोडीत काढावा, याचं मला अजून कौतुक वाटतं.

मोरारजींचीही एक गोष्ट सांगायला हवी. १९६३ मध्ये ज्यांनी आणीबाणीच्या छत्राखाली सोने नियंत्रण आणलं, ते १९७५ च्या आणीबाणीत स्वतः तुरुंगात होते. पंतप्रधान झाल्यावर त्यांच्याच सरकारच्या काळात, १९७८ मध्ये, चव्वेचाळिसावी घटनादुरुस्ती झाली. तिने ३५८ वं कलम आवळलं. आता एकोणिसावं कलम फक्त युद्ध किंवा परकीय आक्रमणाच्या आणीबाणीतच बाजूला होतं, देशांतर्गत सशस्त्र उठावाच्या आणीबाणीत नाही. तेही अशाच कायद्यांपुरतं, ज्यांत स्पष्ट लिहिलंय की हा कायदा या आणीबाणीशी संबंधित आहे. एकविसावं कलम आता कुठल्याच आणीबाणीत थांबवता येत नाही. म्हणजे १९६३ चे सोन्याचे नियम आज कुणी आणले, तर सोनाराचा वकील पहिल्या दिवशी उठून विचारू शकतो, या १४ कॅरेटचा त्या युद्धाशी संबंध काय, आणि तो नियमात लिहिलाय का? याच दुरुस्तीने मालमत्तेचा मूलभूत हक्क मात्र काढला. तो आता ३००-अ कलमातला कायदेशीर हक्क आहे. उजव्या हाताने दिलं आणि डाव्याने थोडं परत घेतलं.

आता आजची गोष्ट, कारण आपल्यापैकी अनेकांची माणसं आखातात आहेत. सुवर्ण नियंत्रण कायदा गेला, पण कस्टम्स कायद्यातलं १२३ वं कलम आहे. तस्करीचं आहे असं वाजवी कारणाने वाटून अधिकाऱ्याने सोनं जप्त केलं, तर ते तस्करीचं नाही हे सिद्ध करण्याची जबाबदारी ज्याच्याकडे सापडलं त्याची. याच्या आधीच्या रूपाला मद्रास उच्च न्यायालयाने घटनाबाह्य ठरवलं होतं, पण सर्वोच्च न्यायालयाने १९६१ मध्ये, नथेला संपतू चेट्टी खटल्यात, ते वैध धरलं. तेव्हा यावर वाद घालत बसण्यापेक्षा खरेदीच्या पावत्या जपा. आईची पाटली घालून जाणार असाल तर जाण्याआधी तिचा फोटो आणि जुनं बिल किंवा मूल्यांकनाचा कागद फोनमध्ये ठेवा.

पण या जप्तीला कडा आहेत. १२४ वं कलम सांगतं की सोनं कायमचं सरकारजमा करण्याआधी कारणे दाखवा नोटीस आणि म्हणणं मांडायची संधी द्यावी लागते. आणि ११० वं कलम सांगतं की जप्तीपासून सहा महिन्यांत ती नोटीस द्यायची, वरिष्ठांनी कारण नोंदवून मुदत वाढवली तर आणखी सहा महिने. नाही दिली तर माल परत. विमानतळावर काय होतं, तर छापील फॉर्म पुढे येतो: मला नोटीस नको, सुनावणी नको, खाली सही. रात्री दोन वाजता, बाहेर घरचे थांबलेत, माणूस सही करतो. २०२५ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने अशा प्रकरणांत सांगितलं की आधीच छापून ठेवलेल्या फॉर्मवरच्या सहीने नोटीस आणि सुनावणीचा हक्क सोडला असं होत नाही. हा निकाल मी मराठी आणि हिंदीत दोन पानांत लिहून काढलाय. प्रती दाराजवळच्या टेबलावर आहेत, आखातात जाणाऱ्या घरी एक एक न्या. आता प्रश्न विचारा, जिथे मला उत्तर येणार नाही तिथे आपल्या वकील ताई बसलेल्या आहेत.